मूकपटात कामाला लागला आणि ७६ वर्षं टिकला: शार्ल वानेल

या आठवड्याच्या भागाचं हे लिखित रूप. नेहमीप्रमाणे माझे 'म्हणजे' आणि 'तर' आणि खालच्या सोसायटीतल्या कुत्र्याचं भुंकणं काढून टाकलंय. बाकी बोलले तसंच आहे. ज्यांना गाडीत हेडफोन लावता येत नाही त्यांच्यासाठी.

सुरुवात जरा माझ्या रडगाण्याने करते, चालेल ना? मागच्या महिन्यात आमच्या ऑफिसात एक मीटिंग झाली. स्क्रीनवर एक तक्ता होता: कोणतं काम यापुढे माणूस करणार आणि कोणतं काम टूल करणार. मी गेली चार वर्षं जे करते, ते काम दुसऱ्या रकान्यात सर्वांत वर होतं. कोणी काही वाईट बोललं नाही. उलट 'तुम्हाला नवीन शिकायची संधी आहे' वगैरे झालं. त्या रात्री झोप येईना, म्हणून बरेच दिवस यादीत पडलेला 'द वेजेस ऑफ फिअर' हा १९५३ चा फ्रेंच सिनेमा लावला.

सिनेमा जबरदस्त आहे, त्याबद्दल पुढे बोलूच. पण त्यातला एक म्हातारा नट माझ्या डोक्यातून जाईना. झो नावाचं पात्र. सिनेमा संपल्यावर त्या नटाचं नाव शोधलं: शार्ल वानेल. पहिला सिनेमा १९१२. शेवटचा सिनेमा १९८८. मला वाटलं, डेटाएंट्रीची चूक आहे. मी दिवसभर असल्याच चुका शोधते, त्यामुळे पहिला संशय तोच. चूक नव्हती. माणूस १८९२ साली जन्मला, १९८९ साली, ९६ व्या वर्षी गेला, आणि मधली ७६ वर्षं कॅमेऱ्यासमोर होता. सुमारे दोनशे सिनेमे.

१९१२ म्हणजे काय, ते आपल्याकडच्या हिशोबाने सांगते. त्याच वर्षी दादासाहेब तोरण्यांचा 'श्री पुंडलिक' मुंबईत कॉरोनेशनमध्ये लागला. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला अजून एक वर्ष होतं. म्हणजे आपल्याकडे सिनेमा नावाची गोष्ट रांगायला लागत होती तेव्हा हा माणूस फ्रान्समध्ये कामाला लागला होता. आणि तो शेवटचा सिनेमा करत होता तेव्हा आपल्या आईबाबांच्या पिढीच्या घरात व्हीसीआर आला होता.

मध्ये काय काय बदललं बघा. मूक, मग बोलपट. हाताने फिरवायचा कॅमेरा, मग मोटरचा. काळापांढरा, मग रंगीत. मोठा पडदा, मग टीव्ही. आमच्या भाषेत सांगायचं तर या माणसाच्या पायाखालचा अख्खा स्टॅक चार-पाच वेळा बदलला. तर माझा प्रश्न अगदी स्वार्थी होता: हा कसा टिकला?

तीन आठवडे मी याचे सिनेमे शोधून शोधून बघितले. उत्तर मला हवं होतं तितकं सरळ मिळालं नाही.

आधी माणूस ओळखून घेऊ. शार्ल वानेल ब्रिटनीतल्या रेन शहरातला, दुकानदारांच्या घरातला. लहानपणी कुटुंब पॅरिसला आलं. पोराला व्हायचं होतं खलाशी. नजर कमजोर निघाली, दर्यावर जाणं राहिलं, आणि गडी नाटकात शिरला. नाटकातून सिनेमात. पहिल्या सिनेमाचं नाव 'जिम क्रो', दिग्दर्शक रोबेर पेगी. त्या वेळी नाटकवाले सिनेमाकडे जरा नाक मुरडूनच बघायचे. चार पैसे मिळतात म्हणून जायचं, अशी जागा.

इथे थोडं तांत्रिक सांगायलाच लागेल, नाहीतर पुढचं कळणार नाही. मूकपटाच्या काळात कॅमेरामन हँडल फिरवायचा, आणि सेकंदाला साधारण १६ ते २० चित्रं, हाताच्या अंदाजाने घेतली जायची. सुरुवातीची फिल्म लाल रंगाला जवळजवळ आंधळी होती. लाल ओठ काळे दिसायचे, निळे डोळे पांढरेफटक. म्हणून नट तोंडाला ते थापलेलं मेकअप लावायचे. त्यात आवाज नाही, मग सगळं तोंडावर आणि हातवाऱ्यांत आणायचं. आपण मूकपटातल्या अभिनयाला हसतो ना, डोळे वटारणं, छातीवर हात मारणं, ते यातून आलं.

वानेल हे करत नाही. मी त्याचा 'ला मेझाँ द्यू मिस्तेर' बघितला. १९२३ ची दहा भागांची मालिका आहे, आजच्या वेब सिरीजसारखी थिएटरात भाग भाग करून दाखवलेली. नायक इव्हान मोझ्झुखिन. रशियन क्रांतीनंतर पळून पॅरिसला आलेल्या रशियन मंडळींपैकी हा सर्वांत मोठा स्टार. त्याचे डोळे बघावेत, बाकी काही बघू नये. वानेल खलनायक आहे. आणि तो काय करतो? उभा राहतो. खांदे थोडे पुढे, मान खाली, हात कुठेतरी कामात. तुम्ही नायकाकडे बघत असता आणि तुम्हाला भीती मात्र कोपऱ्यातल्या या माणसाची वाटते.

मग १९२४ मध्ये 'पेशर दिस्लाँद', म्हणजे आइसलँडचा मच्छीमार, पिएर लोतीच्या कादंबरीवरचा. ब्रिटनीचा तांडेल. दर्यावर जायला न मिळालेल्या पोराला शेवटी बोट मिळाली, पडद्यावर का होईना. त्यात त्याच्या बायकोचं काम सांद्रा मिलोवानॉफने केलंय. हे नाव लक्षात ठेवा. ती पण रशियाहून आलेली, नर्तिका होती. त्या काळची फार मोठी नटी. १९२५ च्या 'ले मिझराब्ल'मध्ये तिने फाँतीन आणि कोझेत, आई आणि मुलगी, दोघींची कामं केली होती.

मूकपटाची एक मजा आपण विसरतो. त्याला भाषा नव्हती. मधल्या पाट्या बदलल्या की सिनेमा कुठेही चालायचा. नट पण कुठेही चालायचा. १९२९ मध्ये जर्मनांनी 'वॉटर्लू' काढला आणि नेपोलियन म्हणून घेतलं वानेलला. जर्मन बोलायचा प्रश्नच नाही.

आणि नेमकं त्याच वर्षी याने आयुष्यातला सर्वांत मोठा डाव लावला. स्वतः सिनेमा दिग्दर्शित केला.

सिनेमाचं नाव 'दाँ ला न्वी', अंधारात, रात्रीत असं काहीतरी. पूर्व फ्रान्समधल्या ज्युज्युरिय नावाच्या गावात, खऱ्या दगडखाणीत शूटिंग. गोष्ट अशी: खाणीतल्या कामगाराचं लग्न होतं. लग्नाची मिरवणूक, जत्रा, नाच, सगळा गाव आनंदात. मग खाणीत स्फोट होतो आणि त्याचा चेहरा जातो. तो मुखवटा घालून घरी राहायला लागतो. बायको मिलोवानॉफच. ती हळूहळू दुसऱ्याकडे वळते. कामगाराचं काम वानेलनेच केलंय. म्हणजे आवाज नसलेल्या सिनेमात या नटाने स्वतःचा चेहरा पण झाकून टाकला! उरलं काय? पाठ, हात, चालणं. आणि ते पुरतं. तो दाराशी येऊन थांबतो तेव्हा मुखवट्यावर काहीच दिसत नसतं, तरी आत काय चाललंय ते तुम्हाला कळतं. मी तो भाग दोनदा मागे नेऊन बघितला. काय करतोय हा? काही नाही, एक खांदा किंचित सोडतो.

सिनेमा प्रदर्शित झाला १९३० साली. तोवर खेळ संपला होता.

अमेरिकेत 'द जॅझ सिंगर' ऑक्टोबर १९२७ मध्ये आला. फ्रान्सला वाटलं, चार दिवसांचं खूळ आहे. १९२९ मध्ये फ्रान्सचा पहिला बोलपट 'ले त्र्वा मास्क' आला तेव्हा त्याचं शूटिंग इंग्लंडमध्ये, ट्विकनहॅमला जाऊन करावं लागलं, कारण घरी आवाजाचा स्टुडिओच तयार नव्हता. आणि एकदा आवाज आल्यावर सगळंच बदललं. फिल्मचा वेग सेकंदाला २४ चित्रं असा पक्का झाला, कारण वेग हलला की आवाज बेसूर होतो. कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये येते म्हणून कॅमेऱ्याला पेटीत कोंडलं. नट माइकच्या आसपासच उभे राहणार. दोन-तीन वर्षं सिनेमा तांत्रिकदृष्ट्या पुढे गेला आणि बघायला मागे गेला. आम्ही याला रिग्रेशन म्हणतो.

लोकांना बोलणारा सिनेमा हवा होता. 'दाँ ला न्वी' बोलत नव्हता. फ्रान्समधल्या शेवटच्या मूकपटांपैकी तो एक. सिनेमा वाईट होता म्हणून नाही, सहा-आठ महिने उशिरा आला म्हणून बुडाला. वानेलने त्यानंतर एक छोटा सिनेमा केला आणि दिग्दर्शन सोडलं ते सोडलंच. पुढे आयुष्यात साठ वर्षं होती त्याच्याकडे! अनेक दशकांनी ल्याँच्या लुमिएर इन्स्टिट्यूटमुळे हा सिनेमा पुन्हा बाहेर आला, आणि बेर्त्राँ ताव्हेर्निए या दिग्दर्शकाच्या सांगण्यावरून लुई स्क्लाव्हिस या जॅझवाल्याने त्याला नवं संगीत दिलं. छानच आहे ते. पण ते ऐकायला वानेल नव्हता.

आता ते नाव आठवा, सांद्रा मिलोवानॉफ. बोलपट आला आणि तिचं करिअर जवळपास संपलं. कारण? रशियन उच्चार. मोझ्झुखिन, ज्याचे डोळे बघावेत असं मी म्हटलं, त्याचंही तेच. उच्चार. १९३९ मध्ये तो क्षयाने, गरिबीत गेला, पन्नाशी पण नीट गाठली नव्हती. एकाच सेटवरचे लोक आहेत हे. मिलोवानॉफ वानेलपेक्षा कमी गुणी होती का? मला तरी तसं वाटत नाही. 'दाँ ला न्वी'मध्ये काही जागी ती त्याच्यापेक्षा भारी आहे. पण वानेल फ्रान्समध्ये जन्मला होता. त्याचा आवाज जरा खरखरीत, दबका, माणसाचा वाटणारा होता, आणि तो माइकला मानवला. यात त्याचं कर्तृत्व शून्य.

हे मी जरा थांबून सांगते, कारण आमच्या क्षेत्रात 'जो शिकत राहतो तो टिकतो' हे वाक्य फार ऐकायला मिळतं. माझे बाबा इचलकरंजीला एका छापखान्यात जुळारी होते. खिळे जुळवायचे. एकेक अक्षर उचलून, उलटं, ओळ लावायची. मी जन्मायच्या थोडं आधी छापखान्यात कॉम्प्युटर आला. बाबा डीटीपी शिकले, त्याच्यावर आमचं शिक्षण झालं. पण बाबाच सांगतात, त्यांच्या शेजारी बसणारे एक काका होते, जे बाबांपेक्षा दुपटीने भरभर जुळवायचे आणि एक चूक नसायची. त्यांना स्क्रीनकडे बघितलं की डोळ्यांतून पाणी यायचं. त्यांनी पण शिकायचा प्रयत्न केला होता. मग त्यांनी कापडाच्या दुकानात हिशेब लिहायचं काम धरलं.

असो. वानेलकडे येऊ.

तिशीच्या दशकात त्याने सपाटून काम केलं. १९३४ मध्ये रेमाँ बेर्नारचा 'ले मिझराब्ल', तीन भागांचा, साडेचार तासांच्या आसपास. त्यात हा पोलीस इन्स्पेक्टर झावेर. समोर झाँ व्हालझाँच्या भूमिकेत हारी बोर, डोंगरासारखा माणूस, सगळं भरभरून करणारा. वानेल पुन्हा तेच: टोपी, कोट, शांत चेहरा. झावेर दुष्ट आहे असं तो दाखवतच नाही. नियम पाळणारा कर्मचारी दाखवतो. ते जास्त भयंकर वाटतं. माझ्या मते पडद्यावरचा सगळ्यात चांगला झावेर. यावर भांडायला कमेंट मोकळ्या आहेत.

नायक होता का तो? फारसा नाही. हीरो म्हणून फ्रान्सने झाँ गाबाँला निवडलं. 'ला बेल एकीप'मध्ये दोघं एकत्र आहेत, गाबाँवर प्रकाश आहे आणि वानेल शेजारी आहे. चाळिशी उलटली होती त्याची.

अपवाद एक, आणि तो सोडू नका. १९४४ चा 'ल स्येल ए ता व्हू'. दिग्दर्शक झाँ ग्रेमियाँ. छोट्या गावातला गॅरेजवाला आणि त्याची बायको. बायकोला विमान उडवायचं वेड लागतं आणि ती विक्रम करायला निघते. १९३८ मधल्या एका खऱ्या जोडप्यावरून घेतलीये गोष्ट. फ्रान्सवर जर्मनांचा कब्जा असतानाचा हा सिनेमा, आणि गंमत म्हणजे सरकारधार्जिण्या वर्तमानपत्रांनीही तो उचलून धरला आणि भूमिगत विरोधकांच्या पत्रांनीही. मला आवडलं ते गॅरेज. वानेल इंजिन उघडतो तेव्हा माणूस खरंच इंजिन उघडतोय असं वाटतं. हात पुसायची फडकी कुठल्या खिशात आहे ते त्याच्या हाताला माहीत आहे. बायको विमान घेऊन गेलीये, पत्ता नाही, गाव दोष देतंय, आणि हा वाट बघतो. नुसतं वाट बघणं.

लढाईनंतर मात्र ओहोटी. पन्नाशी उलटलेला, फ्रान्समध्ये चांगलं काम मिळेना. मग तो इटलीला गेला. १९४९ मध्ये पिएत्रो जेर्मीच्या सिनेमात सिसिलीचा माफिया सरदार. घोड्यावर बसलेला, कमी बोलणारा.

आणि इथे मला माझ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर सापडलं, ते पण तांत्रिक आहे. इटालियन सिनेमात कित्येक दशकं सेटवर आवाज रेकॉर्ड करायची पद्धतच नव्हती. शूटिंग मूक, आणि सगळे संवाद नंतर डबिंगमध्ये. त्यामुळे एका सीनमध्ये एक नट फ्रेंच बोलतोय, एक इटालियन, आणि नंतर सगळं जुळवून घेतलं. म्हणजे वानेलसाठी हा परत मूकपटच! भाषेची अट गेली. उरलं तेच, पाठ, हात, चालणं. १९२९ मध्ये जे कौशल्य एका रात्रीत निकामी झालं असं वाटलं होतं, ते दुसऱ्या देशात, दुसऱ्या कारणाने, वीस वर्षांनी चालायला लागलं.

उलट हॉलीवूडचं उदाहरण बघा. हिचकॉकच्या 'टू कॅच अ थीफ'मध्ये वानेल रेस्टॉरंटचा मालक आहे. कॅरी ग्रँट आणि ग्रेस केलीच्या मध्ये. इंग्रजीची बोंब होती, म्हणून त्याचा आवाज दुसऱ्याने दिलाय. तिथे ते जमत नाही, कारण बाकीचे सगळे सेटवर खरं बोलतायत, आणि हा एकटाच पाण्याखालून बोलल्यासारखा वाटतो. नेपोलियन करताना जी अडचण आली नाही ती हॉटेलवाला करताना आली.

आता झो. वानेल साठीचा. आंरी-झॉर्झ क्लूझो 'द वेजेस ऑफ फिअर' काढत होता. दक्षिण अमेरिकेतलं भकास गाव, अमेरिकन तेल कंपनी, दूरवर तेलविहिरीला लागलेली आग. ती विझवायला नायट्रोग्लिसरीन हवं, आणि ते खड्ड्यांच्या रस्त्यावरून ट्रकने न्यायचं. एक दणका आणि खेळ खलास. माणशी दोन हजार डॉलर. ज्यांच्याकडे परतीचं तिकीट नाही असे चार जण तयार होतात. झो हा पॅरिसचा जुना गुंड, पांढऱ्या सुटात, ऐटीत गावात उतरतो. तरुण मारियो, म्हणजे ईव्ह मोंताँ, त्याच्यापुढे मागेपुढे करतो. आणि ट्रक सुरू झाल्यावर झो फुटतो. घाबरतो. पळतो. रडतो.

ही भूमिका आधी गाबाँला विचारली होती, आणि भित्र्याचं काम आपल्या प्रेक्षकांना रुचणार नाही म्हणून त्याने नाही म्हटलं, असं सर्वत्र सांगितलं जातं. खरं असेल तर पटण्यासारखं आहे. गाबाँला राखायला एक गाबाँ होता. वानेलने चाळीस वर्षांत स्वतःची तशी मूर्ती घडवलीच नव्हती, त्यामुळे फोडायला काही नव्हतं.

शूटिंग दक्षिण फ्रान्समध्ये, पावसाने धुतलं, बंद पडलं, पुढच्या वर्षी परत सुरू झालं. तेलाच्या डबक्याचा एक सीन आहे, त्यात मोंताँ आणि वानेल कमरेपर्यंत काळ्या चिखलात आहेत. दोघांचे डोळे आले होते म्हणे त्याने. तो सीन मी इथे सांगत नाही, स्वतः बघा, आणि जेवण करून बघू नका.

दुसरा एक क्षण मात्र सांगते. झो ट्रकमध्ये बसून सिगारेट वळतोय. कागदावर तंबाखू पसरलाय. अचानक तंबाखू उडून जातो. कागद रिकामा. झो त्या कागदाकडे बघतो. मग उजेड. पुढचा ट्रक उडालाय, आणि स्फोटाचा वारा आवाजाच्या आधी येऊन पोचलाय. अख्ख्या सिनेमातला सर्वांत मोठा स्फोट क्लूझोने वानेलच्या दोन बोटांमध्ये दाखवलाय. आवाजाला १९२९ मध्ये ज्याने मात खाल्ली त्या माणसाच्या हातात!

कानमध्ये सिनेमाला सर्वोच्च पुरस्कार मिळाला, आणि वानेलच्या अभिनयाचा वेगळा गौरव झाला. त्याच वर्षी बर्लिनलाही पहिलं बक्षीस. साठाव्या वर्षी वानेलचं दुकान परत उघडलं.

पुढचं पटापट सांगते. क्लूझोच्याच 'ले दियाबोलिक'मध्ये चुरगळलेल्या कोटातला निवृत्त पोलीस, टीव्हीवरच्या कोलंबोचा पूर्वज अशी त्याची ख्याती आहे. बुन्युएलबरोबर मेक्सिकोत एक सिनेमा. १९६० मध्ये 'ला व्हेरिते'त ब्रिजित बार्दोचा वकील. १९६३ मध्ये मेलव्हिलच्या सिनेमात बेलमोंदोबरोबर. त्या सेटवर मेलव्हिल सत्तरीच्या वानेलला वाट्टेल तसं वागवत होता, म्हणून बेलमोंदो भडकला आणि दिग्दर्शकाला खाली पाडून सेट सोडून गेला, हा किस्सा बेलमोंदोनेच पुढे सांगितलाय. मला बेलमोंदो त्यामुळे जास्त आवडायला लागला. १९७२ मध्ये टीव्ही मालिका. १९७९ मध्ये फ्रान्सने सन्मानाचा सेझार दिला, जसं आपल्याकडे जीवनगौरव देतात, 'झालं आता, बसा' अशा थाटात.

बसला नाही. १९८१ मध्ये, अठ्ठ्याऐंशीचा असताना, फ्रांचेस्को रोझीचा 'त्रे फ्रातेल्ली' आला, तीन भाऊ. पुन्हा इटली. दक्षिणेतल्या खेड्यातला म्हातारा शेतकरी. बायको वारते. तो चालत चालत तारऑफिसात जातो आणि तीन मुलांना तारा करतो. एक रोममध्ये न्यायाधीश, एक नेपल्सला बिघडलेल्या मुलांच्या शाळेत, एक तुरिनला कारखान्यात. मुलं येतात आणि बोलतात. दहशतवाद, संप, घटस्फोट, नोकरी, देशाचं काय होणार. बोलतात, बोलतात, बोलतात. म्हातारा जवळजवळ काहीच बोलत नाही. छोट्या नातीला घेऊन घरात, अंगणात फिरतो. हा सिनेमा ऑस्करच्या नामांकनापर्यंत गेला.

शेवटचा सिनेमा १९८८ चा, झाँ-पिएर मोकीचा. अत्तराच्या कारखान्याचा म्हातारा मालक, ज्याला आपली गादी कुणाला द्यायची ते ठरवायचंय. सिनेमा यथातथाच आहे, न बघितलात तरी चालेल. पुढच्या एप्रिलमध्ये वानेल कान शहरात वारला.

'त्रे फ्रातेल्ली' मी इचलकरंजीला गेले होते तेव्हा बाबांबरोबर बघितला, लॅपटॉप जेवणाच्या टेबलावर ठेवून. सबटायटल इंग्रजी, त्यामुळे पहिली दहा मिनिटं मी भाषांतर करत होते. मग बाबा म्हणाले, "तू गप्प बस गं, कळतंय मला." म्हातारा रस्त्याने चालत होता, एवढंच चाललं होतं पडद्यावर. थोड्या वेळाने त्यांनी विचारलं, हा खरा शेतकरी आहे का. मी म्हटलं, नाही हो बाबा, नट आहे, पॅरिसचा. त्यांना पटलं नाही. सिनेमा संपल्यावर त्यांनी मला परत मागे न्यायला लावलं आणि म्हाताऱ्याचे हात बघितले.

ऑफिसातल्या त्या तक्त्याचं काय झालं, असं गेल्या आठवड्यात दोघा-तिघांनी विचारलं होतं. अजून काही झालेलं नाही. पुढच्या सोमवारपासून मला नव्या टूलचं ट्रेनिंग आहे, आमच्या टीममधल्या दोघांची नावं त्या यादीत नाहीत. त्यातल्या एकीने मला काम शिकवलं होतं.

बघायचं असेल तर 'द वेजेस ऑफ फिअर'पासून सुरू करा. १९७७ चा अमेरिकन 'सॉर्सरर' त्याच गोष्टीवरचा आहे, तोही छान. २०२४ चा नेटफ्लिक्सवाला सोडून द्या. त्यानंतर 'दाँ ला न्वी', रात्री, फोन लांब ठेवून. पुढच्या भागात मिलोवानॉफवर बोलायचा विचार आहे, तिचे जे सिनेमे उरलेत ते शोधतेय. कुणाला कुठे मिळाले तर कळवा.